चेहरा काढा, नियम ठेवा

व्हॉट्सॲपवर एखादी क्लिप दोन दिवस धुमाकूळ घालते आणि तिसऱ्या दिवशी तिच्यावरचा खेळ हजर होतो. लिंक उघडली की ब्राउझरमध्येच सुरू. डाउनलोड नाही, लॉगिन नाही. क्लिपमधल्या माणसाचं डोकं कापून चिकटवलेलं असतं. ते पाइपांमधून उडवायचं, नाहीतर त्याच्यावर टोमॅटो फेकायचे, नाहीतर ते जितक्या वेळा दाबाल तितके गुण घ्यायचे. मुंबईतल्या कॉलेज फेस्टिव्हलांत आणि ऑफिसच्या ग्रुपांत असे खेळ येतात, आठवडाभर चालतात, विरून जातात. त्यांच्याबद्दल सहसा दोनच मतं कानावर येतात. एक, ही टिंगल आहे, बंद करा. दुसरं, गंमत आहे, सोडून द्या.

मला दोन्ही मतं आळशी वाटतात. महापालिका, रेल्वे, कंपनी, मंत्री यांच्यावरच्या खेळाला व्यंगचित्राइतकी मोकळीक हवी आणि ती आज पुरेशी मिळत नाही. रस्त्यावरच्या अनोळखी माणसाचा चेहरा मात्र त्याच्या परवानगीशिवाय खेळात येता कामा नये, आणि तिथे आज कोणी कोणाला विचारत नाही. म्हणजे जिथे सैल सोडायला हवं तिथे आपण आवळतो आणि आवळायचं तिथे सोडतो. हे दोन्ही मुद्दे एकाच गोष्टीवर उभे आहेत: अशा खेळातला विनोद त्याच्या नियमात असतो. चित्र कोणतंही चालतं.

हे तपासायला एक मिनिट पुरतं. खेळाच्या फोल्डरमध्ये चेहऱ्याची एक चित्रफाइल असते. तिच्या जागी त्याच नावाची, त्याच मापाची बटाट्याची फाइल ठेवा आणि खेळून पाहा. अजून हसू येत असेल तर चेहरा उगाच वापरला होता. येत नसेल तर तिथे खेळ नव्हताच, एका माणसाला टपली मारायची सोय होती.

नियमातून विनोद कसा होतो याची जुनी उदाहरणं आहेत. खेळांचे अभ्यासक इयन बोगोस्ट यांनी २०१० साली फेसबुकवर 'काऊ क्लिकर' नावाचा खेळ सोडला. एक गाय. तिच्यावर दर सहा तासांनी एकदा क्लिक करायचं. संपलं. त्या काळात घराघरांत चाललेल्या शेतीच्या खेळांची ती खिल्ली होती, आणि ती सगळी खिल्ली 'सहा तास' आणि 'एकदा' या दोन अटींमध्ये मावली होती. त्याआधी २००३ मध्ये खेळ बनवणारे गोन्झालो फ्रास्का यांचा 'सप्टेंबर १२' आला. नाव अमेरिकेवरच्या ११ सप्टेंबरच्या हल्ल्याच्या दुसऱ्या दिवसाचं. गजबजलेल्या बाजारात दहशतवादी फिरतायत, तुमच्याकडे क्षेपणास्त्र आहे. ते जाऊन पडेपर्यंत वेळ लागतो, आजूबाजूची माणसं मरतात, त्यांच्यावर रडणारे स्वतः दहशतवादी होतात. जिंकायची सोयच ठेवलेली नाही. त्यात ओळखीचा एकही चेहरा नव्हता आणि कोणावर टीका आहे ते कोणाला सांगावं लागलं नाही.

याच्या उलट टोकाला बुटांचे खेळ. १४ डिसेंबर २००८ रोजी बगदादच्या पत्रकार परिषदेत जॉर्ज बुश यांच्यावर बूट फेकले गेले आणि काही दिवसांत बूट मारायचे ब्राउझर-खेळ निघाले. राष्ट्राध्यक्षाच्या चेहऱ्यावर बूट मारायला माझी हरकत नाही. ते पद घेतानाच माणूस हे अंगावर घेतो. पण खेळ म्हणून ते फिके होते. नेम धरा, मारा, पुन्हा मारा. पहिल्या अर्ध्या मिनिटानंतर त्यात सांगण्यासारखं काही उरत नव्हतं. परवानगी असणं आणि खेळ चांगला असणं या वेगळ्या गोष्टी आहेत, आणि चेहऱ्यावर विसंबलेला खेळ दुसऱ्या कसोटीत बहुधा पडतो.

मुंबईतल्या शादी डॉट कॉमने २०१२ च्या सुरुवातीला फेसबुकवर आणलेला 'अँग्री ब्राइड्स' आठवत असेल. पक्षी रागावण्याच्या त्या वेळच्या लोकप्रिय खेळाच्या नावावर केलेली कोटी. नवरदेव डॉक्टर, इंजिनिअर आणि पायलट. हुंड्याची मागणी १५ लाखांपासून सुरू. हातात लाटणं, झाडू, टाचेची चप्पल. कंपनीची जाहिरात होतीच, नाही कशाला म्हणा. पण मार खाणारे तिघेही 'भाव' लागणारे पेशे होते. खऱ्या कोणाचा फोटो लावला असता तर तो एका घरातला वाद झाला असता.

आता आपल्याकडचं एक मीम घेऊ, इंटरनेटच्याही आधीपासून चालत आलेलं: विरार फास्टमध्ये चढलेला बोरिवलीकर, ज्याला विरारकर उतरू देत नाहीत. याचा खेळ करायचा तर काय लागेल ते सविस्तर पाहू, कारण चेहरा न वापरता किती काही सांगता येतं ते तिथे दिसतं.

डब्याचा दरवाजाजवळचा भाग वरून पाहिल्यासारखा काढायचा: ९ बाय १२, म्हणजे १०८ चौकोन. दादरला त्यातले ९६ भरलेले. प्रत्येक माणूस म्हणजे एक रंगीत गोल आणि त्याला एक ठरलेलं स्टेशन. खेळाडूला बोरिवलीला उतरायचंय. हालचाल एकच, शेजारच्याशी जागा बदलायची. पण त्याआधी 'उतरणार का?' विचारावं लागतं, त्यात अर्धा सेकंद जातो. तो तुमच्यानंतर उतरणारा असेल तर जागा देतो, आधी उतरणारा असेल तर देत नाही, त्याच्या मागे लागायचं. अंधेरी आली की दरवाजासमोरचे तीन उभे पट्टे आठ सेकंद बाहेर ओढले जातात आणि पुढचे आठ सेकंद २० माणसं आत ढकलली जातात. त्या पट्ट्यांत सापडलात तर तुम्ही अंधेरीच्या प्लॅटफॉर्मवर. खूप आत राहिलात तर बोरिवलीला दरवाजा दिसतो, हाती लागत नाही. मग पडद्यावर 'खेळ संपला' लिहायचं नाही. गाडी चालूच राहते: दहिसर, मीरा रोड, भाईंदर, नायगाव, वसई रोड, नालासोपारा, विरार. किती स्टेशनं पुढे गेलात तो तुमचा स्कोअर, कमीत कमी चांगला. सगळा डाव सव्वा मिनिटाच्या आत बसवायचा आणि 'पुन्हा' दाबल्यावर एका सेकंदात दादर आलं पाहिजे; मीमवरच्या खेळाला लोक एका वेळी तेवढाच जीव लावतात.

इथे पहिली चूक होते ती गर्दी बेभरवशाची ठेवण्यात. माणसं कशीही हलवली की खेळाडूला वाटतं सगळं नशीब आहे, आणि विनोद तिथेच मरतो. गर्दीला तर्क असतो, तो कळूनही आपण फसतो, यात गंमत आहे. दुसरी चूक म्हणजे कोपरा मोकळा सोडणं. सीटच्या कडेच्या जाळीला टेकून उभं राहिलं की लोंढा लागत नाही, हे खेळाडू तिसऱ्या डावात शोधून काढतो आणि मग खेळ संपतो. तिथे भजनी मंडळ बसवावं. ते हलत नाही, जागा देत नाही, विचारलं तरी भजन चालू राहतं.

इथवर हा नेहमीचा विनोद झाला. पुढची पायरी महत्त्वाची. दुसऱ्या डावात खेळाडूला विरारकर करा. त्याला उभं राहायला एक चौकोन मिळालाय आणि तो शेवटपर्यंत राखायचाय. दोन मिनिटांपूर्वी शिव्या घालणारा तोच खेळाडू आता बोरिवलीवाल्याला अडवायला लागतो. कोणी शिकवावं लागत नाही. मग तिसऱ्या डावात एक पट्टी द्या: दोन गाड्यांमधलं अंतर. ती सरकवली की ९६ ची गर्दी ७० वर येते, आणि डब्यातला खलनायक नाहीसा होतो. भांडण बोरिवली आणि विरारचं नव्हतं, गाड्यांच्या संख्येचं होतं, हे निबंधाशिवाय कळतं. क्लिपमधल्या कुठल्याशा भांडणाऱ्या प्रवाशाचं डोकं इथे लावलं असतं तर हा तिसरा डाव कोणाला सुचलाच नसता. चेहरा लावला की राग चेहऱ्यावर जिरतो.

अशा खेळात एक गोष्ट नियमाने टाळावी: चालत्या गाडीतून पडणं. ९ जून २०२५ रोजी मुंब्र्याजवळ दारात लटकलेले प्रवासी पडून जीव गेले. खेळात गाडी चालू असताना दरवाजाबाहेरचे चौकोन बंदच ठेवायचे, म्हणजे तो विनोद कोणाला चुकूनही करता येणार नाही. सूचना लिहून हे होत नाही. चौकोनच नसले की होतं.

आता बांधणीबद्दल, कारण चांगली कल्पना इथे हमखास आपटते. सगळा खेळ एका एचटीएमएल फाइलमध्ये, कॅनव्हासवर (ब्राउझरमधल्या चित्र काढायच्या पाटीवर), बसतो. 'जेएस१३के' नावाच्या स्पर्धेत २०१२ पासून दरवर्षी १३ किलोबाइटच्या झिप फाइलमध्ये पूर्ण खेळ बसवले जातात. कॉपी करायला तयार कोडही पुष्कळ. गॅब्रिएले चिरुल्ली यांनी मार्च २०१४ मध्ये '२०४८' हा आकडे जोडायचा खेळ एमआयटी नावाच्या मोकळ्या परवान्याखाली खुला केला आणि काही दिवसांत त्याच्या मीम-आवृत्त्यांचा पूर आला. त्या परवान्यात अट एकच: मूळ हक्काची ओळ आणि परवान्याचा मजकूर सोबत ठेवायचा. नेमकं तेवढंच लोक खोडतात.

पहिला दोष वेगाचा. हालचाल प्रत्येक फ्रेमला इतके पिक्सेल अशी लिहिली, तर ६० हर्ट्झच्या, म्हणजे सेकंदाला ६० फ्रेम दाखवणाऱ्या, स्वस्त फोनवर बरोबर चालणारा खेळ १२० हर्ट्झच्या फोनवर दुप्पट वेगाने पळतो. बनवणाऱ्याचा फोन जुना असेल तर त्याला हे कळतच नाही. गणित सेकंदाच्या साठाव्या भागाच्या ठरावीक पायरीने करावं आणि चित्र वेगळं काढावं. शिवाय मधे फोन आला, माणूस दुसऱ्या टॅबवर जाऊन परतला, की दोन फ्रेममधलं अंतर अचानक चाळीस सेकंद होतं आणि गाडी एका उडीत विरारला पोहोचते. म्हणून एका वेळी जास्तीत जास्त १०० मिलिसेकंद मोजायचे, बाकी सोडून द्यायचे.

दुसरा दोष आवाजाचा. मीमचा अर्धा जीव त्याच्या आवाजात असतो, पण ब्राउझर पहिल्या स्पर्शाआधी आवाज वाजू देत नाहीत. क्रोमने हे धोरण २०१८ मध्ये कडक केलं. 'सुरू करा' हे बटण दाबल्यावरच आवाजाचं यंत्र जागं करावं, नाहीतर पहिला डाव मुका जातो आणि दुसरा डाव कोणी खेळत नाही. त्या बटणानंतर, खेळातले स्पर्श ऐकताना, 'क्लिक'ऐवजी 'पॉइंटर डाउन' (बोट टेकल्याची खूण) वापरावं आणि दोनदा टॅप केल्यावर पान मोठं होणं बंद करावं. नाहीतर घाईत दोन टॅप झाले की डब्याऐवजी भजनी मंडळाचं पोट पडदाभर होतं.

तिसरा दोष खास आपल्या लिपीचा, आणि त्याबद्दल इंग्रजी धड्यांत सहसा काही सापडत नाही. संवाद एकेक अक्षर उमटत यावेत म्हणून मजकूर कोडमध्ये सरळ तोडला, तर 'स्टेशन' आधी 'स', मग 'स्', मग 'स्ट' असं उचकत येतं. मात्रा, वेलांट्या मागून धावतात. मजकूर तोडायला ब्राउझरमधलं इंटल सेगमेंटर (Intl.Segmenter) हे तयार साधन वापरावं. त्यातही जुन्या आवृत्त्या जोडाक्षर हलन्तावर कापतात, कारण देवनागरी जोडाक्षरं एकत्र ठेवण्याचा नियम युनिकोड या लिप्यांच्या जागतिक मानकात १५.१ या आवृत्तीत, २०२३ साली आला. सोपा उपाय: अक्षराऐवजी शब्द-शब्द उमटवा. पिक्सेल अक्षरांचे तयार संच मराठीला चालत नाहीत. जोडाक्षरांसाठी खरा फॉन्ट लागतो. मुंबईच्या एक टाइपने केलेले मुक्ता आणि बालू हे फॉन्ट खुल्या परवान्यात आहेत. फॉन्ट पूर्ण उतरल्याची खात्री करूनच कॅनव्हासवर लिहावं, कारण कॅनव्हासवर एकदा उमटलेला मजकूर आपोआप बदलत नाही.

आणि वजन. असे खेळ फुकट ठेवता येतात त्या गिटहब पेजेसवर महिन्याला १०० जीबीची मर्यादा सांगितलेली आहे. खेळ एक एमबीचा असेल तर साधारण एक लाख वेळा उघडेल. क्लिपमधली जीआयएफ जशीच्या तशी घालून पाच एमबीचा केला तर वीस हजार वेळा. व्हायरल होण्याच्या दिवशीच बंद पडणारे खेळ या भागाकारात बसतात. चेहऱ्याची हलती जीआयएफ ही बहुधा फोल्डरमधली सर्वांत जड फाइल असते, हेही ओघाने लक्षात घ्यावं.

गुणफलक ही सर्वांत घसरडी जागा. ऑगस्ट २०२१ मध्ये तोंड उघड-मीट करणाऱ्या मांजरीच्या 'पॉपकॅट'च्या देशवार फलकावर तैवान, थायलंड, मलेशिया अशी चुरस लागली. गंमत झाली, पण आपोआप क्लिक करणाऱ्या स्क्रिप्टही लगेच आल्या. खेळाडूच्या फोनवरून आलेला आकडा हा खेळाडूने सांगितलेला आकडा असतो. ब्राउझरचा कन्सोल उघडून तो कोणीही बदलू शकतो. खरा उपाय म्हणजे आकड्याऐवजी सुरुवातीचं बीज (ज्या आकड्यावरून डावाची मांडणी ठरते तो) आणि सगळ्या चाली सर्व्हरला पाठवून डाव तिथे पुन्हा चालवणं. एवढं करायचं नसेल तर फलकच ठेवू नये. नाव लिहायची मोकळी चौकट तर मुळीच नको. पहिल्या तासात तिथे रोमन लिपीतल्या मराठी शिव्या येतात आणि कुठलीही तयार चाळणी त्यांना पकडत नाही. नावाऐवजी स्टेशन निवडायला द्या. डोंबिवली विरुद्ध नालासोपारा ही चुरस तशीही जास्त रंगते. नाव, नंबर, फोटो मागितला नाही की २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायद्याचा प्रश्नही मागे राहतो. त्या कायद्यात १८ वर्षांखालचा प्रत्येक जण मूल आहे आणि पालकांची पडताळता येणारी संमती लागते. कॉलेजच्या पहिल्या वर्षातले कितीतरी खेळाडू त्यात मोडतात. 'दहा रुपये भरा, पाचशे जिंका' हा मोह तर आता थेट गुन्हा आहे. ऑगस्ट २०२५ च्या ऑनलाइन गेमिंग कायद्यात पैशाचा खेळ चालवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटीपर्यंत दंड सांगितला आहे.

आता मोकळिकीच्या प्रश्नाकडे. भारतात या विषयावरचा सर्वांत महत्त्वाचा खटला एका ब्राउझर-खेळाचाच आहे, आणि तो मुंबईकरांनी विसरावा हे नवल, कारण फिर्यादी बॉम्बे हाउसमधले, म्हणजे टाटा. ओडिशातल्या धामरा बंदराजवळ ऑलिव्ह रिडले कासवं अंडी घालायला येतात. बंदर टाटा स्टील आणि एल अँड टी मिळून बांधत होते. ग्रीनपीसने २०१० मध्ये 'टर्टल विरुद्ध टाटा' हा खेळ काढला. जुन्या पॅकमॅनसारखा चक्रव्यूह, पिवळं कासव, आणि मागे लागलेले टाटांचे राक्षस. टाटा सन्सने बदनामी आणि बोधचिन्हाच्या गैरवापराचा दावा लावला, दहा कोटी मागितले, खेळ तातडीने बंद करायची मागणी केली. २८ जानेवारी २०११ रोजी दिल्ली उच्च न्यायालयात न्या. रवींद्र भट यांनी तो अंतरिम मनाई हुकूम नाकारला. टीकेसाठी बोधचिन्हाचं विडंबन करता येतं. आणि इंटरनेटवरून मजकूर दूरवर जातो एवढ्याच कारणाने तो थांबवायचा निकष सैल होत नाही, असा त्या आदेशाचा गाभा. हा अंतरिम आदेश होता, दाव्याचा शेवट नव्हे, हे ध्यानात ठेवायला हवं. पण कासव कोणत्या नियमाने पळतंय ते पाहा: त्याने खायचं आणि राक्षसांना चुकवायचं. टीका नियमात होती. बोधचिन्ह फक्त पत्ता सांगत होतं.

लेखी कायदा मात्र अजून अर्धवट आहे. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मध्ये टीका आणि समीक्षेसाठी रास्त वापर चालतो, विडंबनाचा शब्द कुठेच नाही. केरळ उच्च न्यायालयाने १९९६ मध्ये सिव्हिक चंद्रन यांच्या प्रति-नाटकाला रास्त वापराचं संरक्षण देण्याच्या बाजूने कौल दिला, त्याच्या आधाराने वकील वाट काढतात. विडंबनाला नाव घेऊन अपवाद द्यावा, ही मागणी खेळ बनवणाऱ्यांनी व्यंगचित्रकारांच्या बरोबरीने करायला हवी. एक गैरसमजही इथेच मोडावा: 'पाच सेकंदांपर्यंत गाणं चालतं' असा कोणताही नियम या कायद्यात नाही. मीममधला सिनेमाच्या गाण्याचा तुकडा कितीही छोटा असो, ध्वनिमुद्रणाचा मालक वेगळा आणि शब्द-चालीचा वेगळा असू शकतो. तोंडाने वाजवलेला भोंगा स्वस्त पडतो.

प्रसिद्ध माणसांचं रक्षण न्यायालयं आता उत्साहाने करतात. सप्टेंबर २०२३ मध्ये अनिल कपूर यांना दिल्लीत नाव, आवाज, प्रतिमा आणि 'झकास' यांच्या व्यापारी वापराविरुद्ध आदेश मिळाला. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने अरिजित सिंग यांच्या आवाजाची यंत्राने केलेली नक्कल रोखली. हे योग्यच. पण मे २०२४ च्या जॅकी श्रॉफ यांच्या प्रकरणात दिल्लीच्या न्यायालयाने माल विकणाऱ्यांना रोखलं आणि मुलाखतीच्या तुकड्यांवर 'ठग लाइफ' छापाचा विनोदी व्हिडिओ करणाऱ्या यूट्यूबरला मात्र तिथल्या तिथे रोखायला नकार दिला. ही रेघ बरोबर ठिकाणी आहे. भिडूचा मग विकणं हा धंदा. भिडूच्या ऐटीवर विनोद करणं हे बोलणं.

महापालिकेच्या बाबतीत प्रकरण निकालापर्यंत जातच नाही. २०१७ च्या पावसाळ्यात 'सोनू'च्या मीमवरून आरजे मलिष्काने खड्ड्यांवर आणि तुंबलेल्या पाण्यावर विडंबन केलं. त्यानंतर तिच्या घरी डासांच्या अळ्या सापडल्याची पालिकेची नोटीस तिच्या आईच्या नावे निघाली आणि सत्ताधारी नगरसेवकांनी ५०० कोटींच्या बदनामीच्या दाव्याची मागणी केली. मार्च २०२५ मध्ये कुणाल कामरा यांच्या विडंबनानंतर खारच्या हॅबिटॅट स्टुडिओची तोडफोड झाली आणि पाठोपाठ पालिकेचे हातोडे पोहोचले. अळ्या खऱ्या असतील, बांधकामही बेकायदा असेल. पण विनोदानंतर पालिका इतकी चपळ झालेली बघून खेळ बनवणारा विद्यार्थी काय धडा घेतो? हिंदमाताच्या पाण्यावर खेळ करण्यापेक्षा फेरीवाल्याच्या विचित्र आवाजावर करावा. फेरीवाला नोटीस पाठवत नाही.

माझा मुख्य आक्षेप इथेच आहे. बलवान माणूस वकील धाडतो, म्हणून विनोद दुबळ्याकडे वळतो. २००३ मध्ये कॅनडातल्या एका शाळकरी मुलाचा, काठी तलवारीसारखी फिरवतानाचा खासगी व्हिडिओ वर्गमित्रांनी नेटवर टाकला आणि जगभर त्याची चेष्टा झाली. त्याच्या कुटुंबाला कोर्टात जावं लागलं. तेव्हापासून साधनं सोपी झाली, संकोच वाढलेला नाही. 'व्हिडिओ आधीच व्हायरल आहे, मग खेळाने काय बिघडतं?' असं विचारलं जातं. बिघडतं ते असं की व्हिडिओ माणूस पाहतो आणि खेळ माणूस करतो. टपली खेळाडूच्या बोटाने बसते, आणि एका डावात तीस वेळा बसते. शिवाय नावाजलेल्या माणसाकडे 'व्यक्तिमत्त्वाची किंमत' असते, ती कोर्टात मोजता येते. नालासोपाऱ्याच्या भाजीवाल्याकडे ती नसते. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या नऊ न्यायाधीशांनी खासगीपणा मूलभूत हक्क ठरवला खरा, पण तो बजावायला दिवसाचा धंदा बुडवून कोण जाणार?

सीमेवरची प्रकरणं आहेत. वर्दीतल्या हवालदाराची क्लिप फिरली तर वर्दीवर, चलनावर, काठीवर खेळ करा. चेहऱ्याच्या जागी साधा गोल ठेवा. जो माणूस स्वतःच रील करून स्वतःचा आवाज विकतोय त्याला एक मेसेज टाकून विचारा. बहुतेक जण हो म्हणतात, काही जण पैसे मागतात, आणि ते मागणं रास्त आहे. मुलांचे चेहरे कधीच नाहीत, आई-बापांनी हो म्हटलं तरी.

कायदा बदलायला वर्षं लागतील. कॉलेजांच्या गेम-स्पर्धांना दोन कलमं घालायला एक बैठक पुरते. कोणाचा खरा चेहरा किंवा आवाज असेल तर प्रवेशिकेसोबत त्या माणसाची लेखी संमती, आणि त्याने नंतर नको म्हटलं तर एका दिवसात चित्र बदलायची हमी. पद, संस्था, कंपनी यांच्यावरच्या खेळाला कोणाचीही संमती लागणार नाही, आणि विषयाच्या कारणावरून आयोजक तो नाकारणार नाहीत. पहिलं कलम कुठेही मंजूर होईल. दुसऱ्यावर अडेल, कारण फेस्टिव्हलच्या मंडपावर ज्या बँकेचा आणि ज्या बिल्डरचा फलक असतो त्यांच्यावरही खेळ येणार. तो परीक्षकांपर्यंत जाणार की नाही, हे प्रायोजकाच्या करारावर सही करण्याआधी ठरवावं आणि करारात लिहून घ्यावं. निकालाच्या आदल्या रात्री ठरवायला बसलात तर बँक जिंकेल.